मेसेजिंग ॲपमधल्या गेमच्या सूचना कायमच्या बंद कशा करायच्या?

मीनल_र
नमस्कार मंडळी. मेसेजिंग ॲप मी फक्त बोलण्यासाठी वापरते. घरचे, मैत्रिणी आणि कामाचे ग्रुप, बस. गेम खेळत नाही, खेळणाऱ्यांबद्दल काही तक्रारही नाही. पण 'तुमच्या मैत्रिणीने तुमचा विक्रम मोडला', 'आता तुमची पाळी', 'आजचं बक्षीस घेतलं नाहीत' असलं काहीतरी सारखं येत असतं. आणि ते अगदी घरच्यांच्या मेसेजच्याच आवाजात वाजतं!

आई आजारी असते, त्यामुळे फोनचा आवाज बंद ठेवणं मला शक्य नाही. प्रत्येक टुणटुणीला हातातलं टाकून बघावं लागतं, आणि बघावं तर कुठली तरी रंगीत फळं नाचत असतात. खरंच जीव मेटाकुटीला आलाय.

ॲपचं नाव मुद्दाम लिहीत नाही. दोन वेगवेगळ्या ॲप्समध्ये हाच त्रास आहे, आणि एकाला दोष देऊन दुसऱ्याचं सुटणार नाही. ते चॅट डिलीट केलं की काही दिवसांनी परत हजर. माणसांचे मेसेज चालू ठेवून फक्त गेम बंद करता येतात का? फोन अँड्रॉइड आहे.

उघडी_खिडकी
ते चॅट म्यूट करा. झालं.

मीनल_र
@उघडी_खिडकी, केलं होतं. मग दुसऱ्याच गेमच्या नावाने नवीन चॅट उगवतं. किती म्यूट करणार?

तंत्रस्नेही_अप्पा
मीनलताई, आधी सूचना नेमकी येते कुठून ते शोधा. बहुतेक जण इथेच अडकतात. पडद्यावर सगळ्या सूचना सारख्याच दिसतात, पण त्यांचा उगम निरनिराळा असतो आणि प्रत्येकीचा नळ वेगळ्या ठिकाणी बंद होतो.

कधी ओळखीच्या माणसाने खरोखर आमंत्रण पाठवलेलं असतं. कधी मेसेजिंग ॲपच्या आतला गेमचा बॉट, म्हणजे आपोआप मेसेज पाठवणारा प्रोग्रॅम, तुमच्याशी 'चॅट' करत असतो. तुमचं बहुधा हेच आहे, कारण चॅट डिलीट करून भागत नाही म्हणता. चॅट पुसलं म्हणजे फक्त आधीचे मेसेज गेले. त्या गेमला तुम्हाला लिहिण्याची जी परवानगी मिळालेली असते ती शाबूत राहते. तिसरी शक्यता म्हणजे मेसेजिंग ॲपचा काही संबंधच नसतो, फोनवर वेगळा गेम असतो आणि तो स्वतःच ओरडत असतो. चौथी शक्यता ब्राउझरची. तिच्याबद्दल कोणी लिहिणार असेल तर उत्तम, नाहीतर मी रात्री लिहितो.

ओळखायचं कसं? पुढची सूचना आली की ती बाजूला सारू नका. तिच्यावर बोट दाबून धरा. कुठल्या ॲपची आहे आणि त्या ॲपच्या कोणत्या प्रकारातली आहे, दोन्ही दिसेल. अँड्रॉइड ८ पासून, म्हणजे २०१७ पासून, ॲपला आपली प्रत्येक सूचना कुठल्या ना कुठल्या प्रकारात घालावी लागते आणि कुठला प्रकार बंद करायचा ते आपल्या हातात असतं. सेटिंग्ज, ॲप्स, तुमचं मेसेजिंग ॲप, सूचना असं गेलात की यादी दिसेल: मेसेज, ग्रुप, कॉल, आणि नशीब असेल तर गेम किंवा 'इतर'. तेवढंच बटण बंद करा. माणसांचे मेसेज चालू राहतील.

रानजाई
अप्पा, वाचनखूण साठवली! पण सूचना आली की मी सवयीने लगेच पुसून टाकते. मग दाबून काय धरणार?

तंत्रस्नेही_अप्पा
@रानजाई, अँड्रॉइड ११ पासून 'सूचना इतिहास' आहे. सेटिंग्जमध्ये सूचनांच्या पानावर सापडेल. एकदा चालू केलात की त्यानंतरच्या, तुम्ही पुसलेल्या सूचनाही २४ तासांपर्यंत तिथे दिसतात. कोण कितीदा वाजलं हे एका जागी बघायला मिळतं.

निशिगंध
चौथ्या शक्यतेबद्दल मी लिहिते, कारण आमच्या घरी नेमकं तेच झालं होतं. सासूबाईंच्या फोनवर 'तुम्हाला १ नवीन मेसेज' अशी सूचना यायची, शेजारी हुबेहूब मेसेजचं चित्र. उघडलं की गेमचं पान. आम्ही सगळे मेसेजिंग ॲपच्या मागे लागलो होतो. शेवटी नणंदेने बोट दाबून धरलं तर खाली क्रोमचं नाव आणि कुठल्यातरी वेबसाइटचा पत्ता! कधीतरी एखादं पान उघडताना 'सूचना पाठवू का?' असं विचारलं गेलं असणार आणि पुढचं वाचायला मिळावं म्हणून 'अनुमती द्या' दाबलं गेलं असणार.

उपाय सोपा आहे. क्रोम उघडा, तीन टिंबं, सेटिंग्ज, साइट सेटिंग्ज, सूचना. अनुमती दिलेल्या साइट्सची यादी येते. अनोळखी दिसेल ती काढून टाका. आणि त्याच पानावर साइट्सना हा प्रश्न विचारायचीच बंदी करता येते. ज्येष्ठांच्या फोनवर तर ती कराच. त्यांना बिचाऱ्यांना वाटत राहतं की कोणीतरी आठवण काढली, आणि उघडून बघावं तर जाहिरात. मला याचा फार राग येतो.

बोरू
निशिगंध, +१००. माझ्या काकांचंही हेच.

जुना_सभासद
या दुखण्याला मोठा इतिहास आहे. २००९ साली फेसबुकवर फार्मव्हिल आला तेव्हाचे दिवस आठवतात का? कोणाची गाय हरवलीय, कोणाला खिळे हवेत, सगळ्यांच्या भिंती त्यानेच भरलेल्या. २०१० मध्ये फेसबुकने गेमवाल्यांचे बरेच मार्ग आवळले, तेव्हा जरा श्वास घेता आला. मग २०१२ मध्ये कँडी क्रश सागा आला आणि पहिले पाढे पंचावन्न.

कँडी क्रशची रचना बघा म्हणजे आमंत्रणं का येतात ते कळेल. ५ जीव मिळतात. हरलात की एक जातो आणि परत यायला अर्धा तास लागतो. थांबायचं नसेल तर पैसे द्या, नाहीतर मित्रांकडे जीव मागा. खेळणारा माणूस वाईट नसतो हो, त्याला गेमने त्या दारात आणून उभं केलेलं असतं.

२०१५ च्या ऑक्टोबरात मार्क झुकरबर्ग दिल्लीच्या आयआयटीत प्रश्नोत्तरांसाठी आला होता. लोकांनी आधी ऑनलाइन मतं देऊन जे प्रश्न वर आणले होते, त्यांत सगळ्यात वर काय होतं? कँडी क्रशची आमंत्रणं नकोत, ती थांबवू कशी! त्याने तिथेच सांगितलं की हे पाहून आपण संबंधित टीमला निरोप पाठवलाय आणि कार्यक्रमापर्यंत काही उपाय निघाला तर बरं होईल असं कळवलंय. तेव्हा मीनल, तुमचा प्रश्न जगातल्या मोठ्या सभेत विचारून झालेला आहे.

चकवा
जुना_सभासद, भारी आठवण! मी तो कार्यक्रम लाइव्ह बघितला होता. तो प्रश्न आला तेव्हा सभागृहात केवढा हशा आणि टाळ्या!

कोरियातही २०१२ मध्ये अशीच लाट आली होती. काकाओटॉक या तिथल्या मेसेजिंग ॲपवर ॲनिपँग नावाचा गेम होता. त्यात खेळायला 'हृदयं' लागायची आणि ती मित्रांना पाठवायची, मागायची. वेळी-अवेळी लोकांचे फोन 'हृदय आलं' म्हणून वाजायचे. बॉसपासून जुन्या ओळखीच्यांपर्यंत कोणाकडूनही. गेम आणि संपर्कयादी एकत्र आली की हे होणारच.

खेळिया
सगळे एकाच बाजूने बोलताय म्हणून लिहितो. मी खेळतो. माझे वडील दुसऱ्या शहरात एकटे राहतात आणि आम्ही दोघं मेसेजिंग ॲपमधूनच शब्दांचा गेम खेळतो. फोनवर आमचं बोलणं 'जेवलास का, झोपलास का' इथेच संपतं. पण त्यांनी एखादा अवघड शब्द लावला आणि माझ्याकडे 'तुमची पाळी' आली की मला कळतं, आज ते मजेत आहेत. दोन दिवस पाळी आली नाही तर मी फोन करतो. ती सूचना माझ्यासाठी कचरा नाही.

तेव्हा 'सगळं बंद करा' हे उत्तर सगळ्यांना लागू नाही. मला पाळीची सूचना हवी आहे, 'परत या, बक्षीस घ्या' नको आहे. हे वेगळं करता येतं का?

मीनल_र
@खेळिया, तुमचं वाचून खूप बरं वाटलं. असं कोणी वापरत असेल याचा विचारच मनात आला नव्हता. तुमच्या बाबांना नमस्कार.

संकेतलेखक
मी गेम बनवणाऱ्या एका छोट्या टीममध्ये काम करतो. @खेळिया, तुमच्या प्रश्नाचं उत्तर बनवणाऱ्यावर अवलंबून आहे. गेम स्वतंत्र ॲप असेल आणि बनवणाऱ्याने 'पाळी' आणि 'ऑफर' हे दोन प्रकार वेगळे ठेवले असतील, तर अप्पांनी सांगितलेल्या यादीत दोन बटणं दिसतील. पण अनेक जण सगळं एकाच प्रकारात कोंबतात, कारण त्यांना माहीत असतं की वेगळं ठेवलं तर ऑफर पहिल्यांदा बंद होणार. आणि गेम मेसेजिंग ॲपच्या आत बॉट म्हणून चालत असेल, तर फोनच्या दृष्टीने तो फक्त आणखी एक चॅट असतो. तिथे गेमच्या स्वतःच्या सेटिंग्जमध्येच बघावं लागतं.

आतली गोष्ट सांगतो. खेळाडू काही काळ फिरकला नाही की त्याला परत बोलवायचे मेसेज ठरलेल्या वेळापत्रकाने, आपोआप जातात. 'तुमच्या मैत्रिणीने तुमचा विक्रम मोडला' यातली मैत्रीण खरी असते, पण तिने तुम्हाला काही पाठवलेलं नसतं. तिचं नाव गेमने वापरलेलं असतं. आमच्या टीममध्ये यावरून वाद झाला आणि आम्ही माणसाच्या नावाने मेसेज पाठवणं बंद केलं. माझ्या मते हे सगळ्यांनीच करायला हवं. आईच्या फोनची वाट बघणाऱ्या माणसाला मैत्रिणीचं नाव दाखवून गेमकडे खेचणं ही फसवणूक आहे.

आयफोनवाल्यांसाठी: ॲपलच्या नियमांप्रमाणे जाहिरातीच्या सूचना तुम्ही स्पष्ट होकार दिल्याशिवाय पाठवता येत नाहीत, आणि त्या बंद करायची सोय ॲपच्या आतच द्यावी लागते. म्हणजे गेमच्या सेटिंग्जमध्ये ते बटण असायला हवं. नसेल तर तक्रार करायला तुमच्याकडे नियमाचा आधार आहे.

उघडी_खिडकी
मला पटत नाही. बॉटचा दोष कमी, माणसांचा जास्त. माझा एक मित्र चाळीस जणांना एकदम आमंत्रण टाकतो. त्याला सांगा ना सरळ!

रानजाई
@उघडी_खिडकी, पण संकेतलेखकांनी आत्ताच लिहिलंय की समोरच्याला बऱ्याचदा ठाऊकही नसतं. आधी विचारा, मग सुनवा.

उघडी_खिडकी
माझ्या मित्राला ठाऊक आहे. गेम त्याला मित्रांची यादी दाखवतो आणि सगळ्या नावांवर आधीच टिक केलेली असते. ती काढायचे कष्ट तो घेत नाही. पण ठीक आहे, विचारून बघतो.

हिरवळ
कोणीतरी टेलिग्रामचं लिहा ना. तिथे तर नुसता सुळसुळाट आहे. नाणी गोळा करा, टॅप करा, मित्र आणा.

तंत्रस्नेही_अप्पा
@हिरवळ, टेलिग्रामवर बॉट स्वतःहून तुम्हाला पहिला मेसेज पाठवू शकत नाही. कधीतरी 'स्टार्ट' दाबलेलं असतं, किंवा टेलिग्रामच्या आतलं एखादं छोटं ॲप उघडताना मेसेज पाठवायची परवानगी दिलेली असते. त्यामुळे तिथे उपाय पक्का आहे: बॉटच्या प्रोफाइलमध्ये जाऊन त्याला थांबवा आणि ब्लॉक करा. ब्लॉक केल्यावर त्याला तुम्हाला लिहिताच येत नाही. नुसतं म्यूट नको.

ग्रुपमध्ये कोणीही ओढून नेत असेल तर सेटिंग्ज, गोपनीयता, ग्रुप्स इथे 'माझे संपर्क' ठेवा. शिवाय सूचनांच्या पानावर खाजगी चॅट, ग्रुप आणि चॅनेल यांची बटणं वेगळी आहेत. चॅनेल बंद ठेवलं तरी माणसं चालू राहतात.

बोरू
आणि व्हॉट्सॲप? तिथे ॲपमध्ये गेम नाहीत, पण 'ही लिंक दाबा, कॉइन मिळवा' करणारे ग्रुप आहेत.

निशिगंध
@बोरू, सेटिंग्ज, गोपनीयता, ग्रुप इथे 'माझे संपर्क' निवडा. ही सोय २०१९ पासून आहे, आणि 'अमुक सोडून माझे संपर्क' असंही ठेवता येतं. त्यात लिंकवाला भाचा घालता येतो आणि ग्रुपमध्ये ओढणं थांबतं. ज्या ग्रुपमधून बाहेर पडणं नात्यामुळे अवघड आहे तो अर्काइव्ह करा. नवीन मेसेज आला तरी तो वर उसळत नाही. फक्त कोणी तुमचं नाव घेऊन लिहिलं किंवा तुम्हाला उत्तर दिलं तर कळतं.

बोरू
'लिंकवाला भाचा' प्रत्येक घरात एक असतोच!

पाऊलखुणा
लहान मुलांचा मुद्दा कोणीच काढला नाही. आपण नाही खेळलो तरी मुलं आपल्या फोनवर, नाहीतर आपलंच खातं चालू असलेल्या टॅबवर खेळतात. पहिल्या पडद्यावर 'पुढे चला' दाबलं की परवानगी गेली, तीही आपल्या नावाने. मीनल, तुमच्या खात्याला काय काय जोडलंय ते एकदा बघाच. फेसबुक असेल तर सेटिंग्जमध्ये 'ॲप्स आणि वेबसाइट्स' असं पान आहे. तिथे जोडलेल्या गेम्सची यादी असते, एकेक काढता येतो, आणि गेम-ॲपच्या सूचना सरसकट बंद करायचं बटणही तिथेच आहे. ठरावीक माणसाकडून येणारी आमंत्रणं मात्र 'ब्लॉकिंग'च्या पानावर वेगळी अडवावी लागतात. त्याने माणूस ब्लॉक होत नाही, फक्त त्याची गेमची आमंत्रणं अडतात. उघडी_खिडकींच्या मित्रासाठी हेच योग्य.

गेम काढताना एक लक्षात ठेवा: आधी गेमला ब्लॉक करा किंवा खात्यातून काढा, आणि मग चॅट पुसा. उलट केलंत तर चॅट नाहीसं होतं आणि ब्लॉक करायला तो गेम सहज सापडत नाही.

उघडी_खिडकी
@पाऊलखुणा, हे माहीत नव्हतं. धन्यवाद. मैत्रीही टिकेल.

सावित्री_द
मला वाटतं आपण मीनलच्या मूळ अडचणीपासून लांब गेलो. तिला आईचा मेसेज चुकवायचा नाहीये. गेम बंद करणं एक, पण एवढी बटणं बंद केल्यावरही उद्या नवीन काहीतरी वाजणारच. मग आईचा मेसेज इतर सगळ्यांपेक्षा वेगळा का काढू नये?

मी नर्स आहे. ड्युटीवर फोन सतत बघता येत नाही, आणि घरी मुलगी एकटी असते. अँड्रॉइड ११ पासून संभाषणाला 'प्राधान्य' देता येतं. आईच्या मेसेजच्या सूचनेवर बोट दाबून धरा, 'प्राधान्य' निवडा. तो मेसेज यादीत सगळ्यात वर येतो. मग 'व्यत्यय आणू नका' चालू करा आणि त्यात प्राधान्याच्या संभाषणांना सूट द्या. बाकी सगळं जग गप्प, आई तेवढी वाजते. कॉलसाठी त्याच पानावर वेगळी सूट आहे, तीही द्या. काही ॲप्समध्ये 'प्राधान्य' हा पर्याय येत नाही. तिथे निदान त्या चॅटला वेगळी धून लावा. व्हॉट्सॲपमध्ये ती संपर्काच्या माहितीच्या पानावरून लावता येते. मी मुलीसाठी अशी धून ठेवलीय की गोंगाटातही मान वर होते. आयफोनवर २०२१ पासून 'फोकस' आहे, त्यात कोणाकोणाला आत सोडायचं ते निवडता येतं.

हे आधी करा, मीनल. गेमचा शोध मग निवांत घ्या. आईंची तब्येत कशी आहे आता?

रानजाई
सावित्रीताई, हा प्रतिसाद धाग्याच्या वर चिकटवायला हवा.

मीनल_र
सगळ्यांचे मनापासून आभार. आई बरी आहे आता, @सावित्री_द. तुमचं वाचल्यावर ताबडतोब तिच्या चॅटला प्राधान्य दिलं आणि वेगळी धूनही लावली. आज दिवसभर इतर काही वाजलं तर मी उठलेच नाही. किती दिवसांनी असं झालं!

मग अप्पांच्या पद्धतीने शोध घेतला. एका ॲपमध्ये सूचनांच्या यादीत गेमचा प्रकार वेगळा होता, तो बंद केला. दुसऱ्यात बॉटच निघाला. पाऊलखुणा म्हणतात तसं जोडलेल्या गेम्सची यादी उघडली तर मी नावंही न ऐकलेले गेम होते. टॅबवर पोरं खेळतात, तेच. सगळे काढले, बॉट ब्लॉक केला, मग चॅट पुसलं.

एक गोष्ट राहिली. एका मैत्रिणीची आमंत्रणं येतात. तिला विचारलं तर ती म्हणाली, 'अगं, मी तर तो गेम कधीच काढून टाकला!' असं कसं होईल?

संकेतलेखक
@मीनल_र, फोनवरून गेम काढला म्हणजे ॲप गेलं. खात्याशी जोडलेली परवानगी तशीच राहते. तिलाही तीच यादी उघडून तो गेम काढायला सांगा. म्हणजे तिच्या नावाने इतरांना जाणारे मेसेजही थांबतील.

खेळिया
मी कळवायला आलो. आमच्या गेमच्या सेटिंग्जमध्ये दोन वेगळी बटणं निघाली. 'ऑफर' बंद केलं, 'पाळी' चालू. बाबांच्या फोनवर मात्र ते पान सापडत नाहीये, त्यांचं ॲप जुनं आहे बहुतेक.

तंत्रस्नेही_अप्पा
@खेळिया, आधी ॲप अद्ययावत करायला सांगा. तरी नाही दिसलं तर त्यांच्या फोनचं अँड्रॉइड कितवं आहे ते लिहा, बघू.